हिचकॉक अख्खा सिनेमा कागदावरच पूर्ण करायचा, हे खरं नाही

चित्रपट शिकवणाऱ्या वर्गांत, रसिकांच्या गप्पांत आणि मोबाइलवर पुन्हापुन्हा फिरणाऱ्या मजकुरांत दिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकबद्दल एक दावा हमखास भेटतो. तो चित्रीकरणाआधीच अख्खा सिनेमा कागदावर पूर्ण करायचा. प्रत्येक शॉटचं चित्र तयार असायचं. सेटवर काही बदलायचं नसल्यामुळे तो कॅमेऱ्यातून पाहायचाही नाही. संकलकाला तुकडे ओळीनं जोडण्यापलीकडे काम उरायचं नाही. मग याच्याच पोटातून आणखी एक निष्कर्ष निघतो: पडद्यावरची प्रत्येक गोष्ट त्यानं आधीच ठरवलेली आहे, तेव्हा तिचा अर्थ त्याच्या मुलाखतींत शोधला की झालं.

हे सगळं पहिल्यांदा सांगितलं ते खुद्द हिचकॉकनं, आणि अनेक वर्षं सांगितलं. म्हणूनच ते इतकं टिकलं. पण त्याची कागदपत्रं आता बेव्हर्ली हिल्समधल्या मार्गारेट हेरिक ग्रंथालयात अभ्यासकांना पाहता येतात, निर्माता डेव्हिड सेल्झनिकची टेक्सासमधल्या ऑस्टिनला आहेत. समीक्षक बिल क्रोननं अशाच निर्मितीच्या कागदांवरून 'हिचकॉक अॅट वर्क' लिहिलं. त्यातून दिसणारा माणूस या दाव्यातल्या माणसापेक्षा वेगळा आहे, आणि दिग्दर्शक म्हणून कितीतरी मोठा आहे.

'प्रत्येक शॉटचं चित्र आधी काढलेलं असायचं.' याचा पुरावा म्हणून बहुतेक वेळा 'नॉर्थ बाय नॉर्थवेस्ट'मधल्या (1959) विमानाच्या हल्ल्याची चित्रमालिका दाखवली जाते. ओसाड रस्ता, कॅरी ग्रँट, अंगावर येणारं फवारणीचं विमान. चित्रं पडद्यावरच्या चौकटींशी तंतोतंत जुळतात. क्रोननं दाखवून दिलं की ती चित्रं चित्रीकरणानंतर प्रसिद्धीसाठी काढून घेतली होती. जुळणारच ती! आधी काढलेलं चित्र आणि प्रत्यक्ष शॉट सहसा इतके एकरूप होत नाहीत; कारण जागेवर सूर्य, रस्त्याचा चढउतार आणि विमानाला सुरक्षितपणे किती खाली आणता येईल, हे सगळं आपापलं मागणं घेऊन उभं राहतं. या प्रसंगात कॅलिफोर्नियातल्या उघड्या माळावरचे शॉट आहेत आणि मागच्या पडद्यावर आधी टिपलेलं दृश्य टाकून स्टुडिओत घेतलेलेही आहेत. ही सांधेजोड कागदावर फक्त सुरू होते.

दाव्यात तथ्याचा अंश आहे, तो कुठे ते नीट सांगायला हवं. हिचकॉकची चित्रपटातली सुरुवातच मूकपटांच्या शीर्षकपाट्या रेखाटण्यापासून झाली, नंतर त्यानं कलादिग्दर्शनही केलं. चित्र काढून विचार करणं त्याच्या हातात होतं. आणि जिथे एक चौकट अनेक तुकड्यांतून बनवायची असते तिथे चित्राशिवाय गत्यंतरच नसतं. 'द बर्ड्स'मध्ये (1963) तीनशे सत्तरच्या आसपास जोडशॉट आहेत. शेवटची चौकट बत्तीस वेगवेगळ्या तुकड्यांची आहे. पक्षी एका दिवशी, माणसं दुसऱ्या दिवशी, रंगवलेलं आकाश तिसरीकडे. कॅमेऱ्याची उंची, लेन्स आणि प्रकाशाची दिशा या तीन गोष्टी तुकड्यातुकड्यात जुळल्या नाहीत तर पक्षी हवेत चिकटवल्यासारखे दिसतात. म्हणून तिथे चित्रं. दोन माणसं टेबलाशी बसून बोलतात, त्या प्रसंगासाठी असल्या चित्रांची गरज नसते.

'सेटवर काहीच बदलायचं नाही.' गंमत म्हणजे हे खोडून काढायला संग्रहालयात जायचीही गरज नाही. 1962 साली फ्रेंच दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफोनं हिचकॉकच्या प्रदीर्घ मुलाखती घेतल्या, ते पुस्तक 1966 मध्ये फ्रेंचमध्ये आलं. त्यातच हिचकॉक सांगतो की 'द बर्ड्स' करताना त्याला पटकथेत कच्चे दुवे दिसू लागले आणि तो जागेवरच बदल करत गेला. पक्षी न दिसता घरावर हल्ला करतात, तो प्रसंग सेटवरच सुचला. पुस्तकातली 'सगळं आधीच ठरलेलं' ही वाक्यं हजारदा उद्धृत होतात, हे पान मात्र वगळलं जातं.

'टोपाझ'चं (1969) उदाहरण तर याहून उघड आहे. पटकथा पूर्ण नसताना काम सुरू झालं, पटकथाकार सॅम्युएल टेलर काही प्रसंग चित्रीकरणाच्या तोंडावर लिहून देत होता. शेवट तीन झाले. मोकळ्या स्टेडियममधलं द्वंद्व पूर्वदर्शनाच्या प्रेक्षकांनी नाकारलं. मग विमानतळावरचा निरोप. मग तिसरा, आत्महत्येचा, जो हाताशी असलेल्या फिल्ममधूनच जुळवला: माणूस घरात जातो आणि बाहेर फक्त गोळीचा आवाज येतो. त्याआधी 'फॉरिन करस्पाँडंट'चा (1940) रेडिओवरच्या भाषणाचा शेवटही मुख्य चित्रीकरण आटोपल्यावर बेन हेक्टकडून लिहवून घेऊन जोडला होता, युद्धाची बातमी दारात आल्यामुळे.

सगळ्यात बोलका पुरावा 'सायको'तला (1960) आहे. गुप्तहेर आर्बोगास्ट जिना चढतो, त्या प्रसंगाची चित्रं रेखाटनकार सॉल बासनं काढली होती. हिचकॉक तापानं घरी होता, म्हणून त्याच्या गैरहजेरीत सहायकानं चित्रांबरहुकूम शॉट घेतले: कठड्यावरचा हात, गजांतून दिसणारी पावलं. रशेस, म्हणजे टिपलेली कच्ची फिल्म, पाहून हिचकॉकनं ते बाजूला काढले. कारण त्यानं स्वतः सांगितलंय आणि ते प्रत्येक विद्यार्थ्यानं लक्षात ठेवावं असं आहे. हात आणि पावलं तुकड्यांत दाखवली की चढणारा माणूसच घातकी वाटू लागतो. इथे तर तो निष्पाप आहे, घात त्याचा व्हायचाय. त्याऐवजी तो साधेपणानं वर येताना दिसतो आणि नंतर कॅमेरा एकदम छताजवळ जातो. उंचीचे फायदे दोन. हल्ला करणाऱ्या 'आई'चा चेहरा लपवलाय हे जाणवत नाही. आणि एवढ्याशा आकृतींनंतर रक्ताळलेला मोठा चेहरा आला की तो फरकच धक्का देतो. आर्बोगास्ट जिन्यावरून पडतो त्यासाठी आधी नुसत्या जिन्यावरून कॅमेरा खाली आणून ते दृश्य टिपलं, मग ते मागच्या पडद्यावर टाकून नटाला पुढे खुर्चीवर बसवलं आणि हात हलवायला लावले. कागदावरची योजना बिनचूक पाळली गेली आणि प्रसंग फसला. तो उभा राहिला दिग्दर्शकानं ती टाकून दिल्यावर.

याच चित्रपटाच्या सुरुवातीला फीनिक्स शहरावरून हेलिकॉप्टरनं सलग येत हॉटेलच्या खिडकीत शिरायचं ठरलं होतं. फिल्म इतकी हलली की वापरता येईना. म्हणून आज आपण एकमेकांत विरघळणारे तुकडे पाहतो.

'तो कॅमेऱ्यातून पाहायचा नाही.' समजा नाही पाहिलं. रॉबर्ट बर्क्सनं 1951 ते 1964 दरम्यान त्याचे बारा चित्रपट टिपले. एवढ्या सोबतीनंतर लेन्सचा आकडा आणि अंतर सांगितलं की चौकट कशी येईल हे दोघांनाही कळतं. यातून काम नेमकं होतं हे सिद्ध होतं, यांत्रिक होतं हे नाही.

'संकलकाला काम नव्हतं.' हिचकॉक गरजेपुरतंच टिपायचा आणि 'रिबेका'च्या (1940) वेळी सेल्झनिक त्यावरून कुरकुरला, हे खरं. पण त्यामागचं कारण दाव्यात येत नाही. एकच प्रसंग चार बाजूंनी पूर्ण टिपला तर निर्मात्याला तो मागाहून हवा तसा कापता येतो. एकमेकांत बसणारे मोजकेच तुकडे दिले तर पर्याय उरत नाही. ही निर्मात्यापासून सिनेमा वाचवायची युक्ती होती. पुढे तो स्वतःच निर्माता झाला तेव्हा संकलनात भरपूर बदल केले. 'सायको'तल्या न्हाणीघरातल्या खुनाचं चित्रीकरण सात दिवस चाललं. जॉर्ज टोमासिनीनं संकलन केल्यावरही 'मेलेल्या' जॅनेट लीची बारीक हालचाल राहून गेली होती, ती पत्नी आल्मानं पकडली आणि मग दुरुस्त झाली. त्या खुनाला संगीत नको असं हिचकॉकनं ठरवलं होतं. बर्नार्ड हरमननं तरीही ते लिहिलं, ऐकल्यावर हिचकॉकनं मत बदललं. आज तो प्रसंग व्हायोलिनच्या किंकाळ्यांशिवाय आठवून पाहा.

आता तो निष्कर्ष, जो समीक्षेचं खरं नुकसान करतो: 'अर्थ मुलाखतींत आहे.' 'सस्पिशन'च्या (1941) शेवटाबद्दल हिचकॉकनं त्रुफोला सांगितलं की त्याला वेगळा शेवट हवा होता. बायको नवऱ्यानं दिलेलं विषारी दूध जाणूनबुजून पिते आणि त्याचा गुन्हा सांगणारं पत्र त्याच्याच हातून पेटीत पडतं; स्टुडिओनं ते होऊ दिलं नाही. डोनाल्ड स्पोटोनं 1983 च्या चरित्रात स्टुडिओच्या कागदांवरून उलट मांडलं: बाईच्या मनातल्या कल्पनांचा सिनेमा करायचा, हे हिचकॉकचंच सुरुवातीपासून म्हणणं होतं. वीस वर्षांनंतरची आठवण आणि त्या वेळचा कागद यांत तफावत असेल तर वजन कागदाला द्यावं. शिवाय ती मुलाखत दुभाषी हेलन स्कॉटच्या मदतीनं झाली. ध्वनिफितींतलं बोलणं आणि छापील वाक्यं ठिकठिकाणी वेगळी आहेत. शब्दाशब्दावर सिद्धान्त उभारणाऱ्यांनी एवढं तरी ध्यानात घ्यावं.

चांगल्या समीक्षेनं मुलाखतीची वाट कधी पाहिलीच नाही. हिचकॉकवरचं फ्रेंच समीक्षक रोमेर आणि शाब्रोलचं पुस्तक 1957 चं, इंग्रज समीक्षक रॉबिन वुडचं 1965 चं. दोन्ही त्रुफोच्या पुस्तकाआधीची, दोन्ही थेट पडद्यावरून लिहिलेली. 1975 मध्ये स्त्रीवादी अभ्यासक लॉरा मल्वीनं स्त्रीकडे पाहणाऱ्या नजरेवर लिहिलं आणि 1988 मध्ये तानिया मोडलेस्कीनं तिच्याशी वाद घातला, तेव्हाही प्रश्न दिग्दर्शकाला काय म्हणायचं होतं हा नव्हता; त्या चौकटी काय करतात हा होता.

कुणाला एखाद्या प्रसंगावर लिहायचं असेल तर आधी आवाज बंद करून शॉट मोजावेत, प्रत्येकाची लांबी सेकंदांत लिहावी, मग आवाज लावून तेच पुन्हा करावं. पटकथा मिळाली तर सुधारित पानांवरच्या तारखा पाहाव्यात. चित्रीकरण सुरू झाल्यानंतरची तारीख असेल तर बदल कुठे झाला ते लगेच कळतं. रोजच्या चित्रीकरण अहवालात किती सेटअप (कॅमेऱ्याच्या जागा), किती टेक (एकाच शॉटचे प्रयत्न) आणि कोणती पानं झाली याची नोंद असते, ती शॉटच्या यादीशेजारी ठेवावी. आणि चित्रमालिका हाती आली तर पहिला प्रश्न तारखेचा विचारावा. तारीख नसेल आणि प्रत्येक चित्र पडद्याशी हुबेहूब जुळत असेल, तर ते सिनेमा पाहून काढलेलं असण्याचा संशय आधी घ्यावा.