ज्ञान तुटलं!

घरात मोडेम, म्हणजे टेलिफोनच्या लाइनवरून इंटरनेट आणणारा डबा आला आणि घरात दोन पक्ष पडले. बाबांच्या मते जगातलं सगळं ज्ञान आता तारेतून घरात उतरणार होतं. आईच्या मते त्याच तारेतून चोर उतरणार होते. मी तटस्थ, म्हणजे बोलणी दोघांचीही खात होतो.

कनेक्शन लावताना मोडेम मांजराच्या शेपटीवर पाय पडल्यासारखा किंचाळायचा. पलीकडच्या मोडेमशी तो वेग ठरवतोय, तुला किती झेपतं, मला किती, असं मी आईला समजावलं. "मग हळू बोलून ठरवा म्हणावं," ती म्हणाली.

खोक्यावर लिहिलं होतं ५६ के. म्हणजे सेकंदाला ५६ हजार बिट. आठ बिटांचा एक बाइट धरला, तर सगळं सुरळीत चालल्यास सात किलोबाइट. सुरळीत काहीच चालायचं नाही. ज्ञान वरून खाली, ओळीओळीनं उतरायचं. एकदा बाबांनी धबधब्याचा फोटो उघडला. आकाश आलं. झाडं येईस्तोवर बाबांची एक डुलकी झाली. आता पाणी दिसणार, तेवढ्यात आईनं मामाला फोन लावायला आतल्या खोलीतला रिसीव्हर उचलला. लाइन एकच! धबधबा कोरडा राहिला आणि बाबा गरजले, "ज्ञान तुटलं!"

ईथरनेटच्या, म्हणजे संगणक तारेनं एकमेकांना जोडायच्या पद्धतीच्या जनकांपैकी एक, रॉबर्ट मेटकाफ, यांनी १९९५ साली लिहिलं होतं की १९९६ मध्ये इंटरनेट कोलमडेल. ते कोलमडलं नाही, तेव्हा १९९७ मध्ये त्यांनी भर सभेत तो लेख पाण्यात घुसळून पिऊन टाकला. माझं मत विचाराल, तर आमच्या घरी ते १९९६ नंतरही रोज तीनदा कोलमडत होतं. गृहस्थांनी उगाच घाई केली.

मग मे २००० मध्ये 'आय लव्ह यू' नावाचा व्हायरस ईमेलमधून, प्रेमपत्राच्या वेशात आला. "अनोळखी माणसाचं प्रेमपत्र उघडू नये, एवढंही कळत नाही लोकांना?" आई म्हणाली. गोची अशी, की ते ओळखीच्याच पत्त्यावरून यायचं. यावर ती बराच वेळ बाबांकडे बघत राहिली.

आता बँकेच्या नावानं येणारे खोटे मेसेज वाचून बाबा इतके धास्तावलेत, की रात्री दहाला स्वतः राउटर बंद करतात. आई तेव्हा मामाशी व्हिडिओ कॉलवर असते.

"अहो, दादा तुटला!"