सॅटेलाइटला काही दिसत नाही, विन्या!

"सॅटेलाइटला सगळं दिसतं. आत्ता आपण इथे चकाट्या पिटत बसलोय, हेही वर कुणाला तरी दिसतंय," असं विन्याने जाहीर केलं आणि पार्ल्याच्या आमच्या कट्ट्यावर क्रिकेट आणि पुनर्विकास हे दोन्ही विषय मागे पडले. विन्या विमा विकतो. अर्धवट माहिती पुऱ्या आत्मविश्वासाने सांगणं हा त्याच्या पोटापाण्याचाच भाग आहे, त्यामुळे त्याला फार दोष देत नाही.

शिल्पा ज्युनिअर कॉलेजात फिजिक्स शिकवते. तिने कटिंगचा ग्लास खाली ठेवला. "जीपीएसच्या उपग्रहाला तू जन्माला आलायस हेसुद्धा माहीत नाही."

"मग मॅपवर निळा ठिपका कोण टाकतं?"

"तुझाच फोन. उपग्रह बोलतो, फोन ऐकतो. उलट एक शब्दही वर जात नाही. तू विविध भारती लावलीस म्हणून निवेदिकेला तू दिसतोस का?"

विन्याला हे पटणं शक्यच नव्हतं. तेव्हा पक्या मध्ये पडला. पक्या वर्सोव्याचा कोळी, इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केलेला. मच्छीमार बोटींवरचे जीपीएस आणि फिशफाइंडर दुरुस्त करणं हा त्याचा धंदा. त्याने बापटकाकांचा फोन मागून घेतला, फ्लाइट मोडवर टाकला, लोकेशन तेवढं चालू ठेवलं आणि विन्याच्या हातात देऊन म्हणाला, "जा, पानवाल्यापर्यंत जाऊन ये." काकांनी नकाशा आधीच उतरवून ठेवलेला होता. विन्या गेला, आला. ठिपकाही त्याच्याबरोबर गेला आणि आला. फोनमधून काहीच बाहेर जात नसताना.

"पण मी कुठे जातो ते कंपन्यांना कळतंच ना?"

"ते वेगळं," शिल्पा म्हणाली. "फोनला जागा कळली की अ‍ॅप ती पुढे कुणाकुणाला पोचवतं, ही भीती खरी आहे. पण मग खिशातल्या फोनला घाबर. आकाशाला कशाला शिव्या घालतोस?"

इथे मी विन्याच्या बाजूने. त्याचा संशय योग्यच आहे, पत्ता तेवढा चुकलाय.

"बरं, मग उपग्रह बोलतो तरी काय?" विन्याने विचारलं. सगळी गंमत या प्रश्नातच आहे, कारण उपग्रह तुमच्या जागेबद्दल काहीच सांगत नाही. तो सांगतो वेळ. मी अमुक ठिकाणी आहे आणि माझ्या घड्याळात आत्ता इतके वाजलेत, एवढंच. जीपीएसचे तिसेक उपग्रह सुमारे २०,२०० किमी उंचीवरून हेच रटाळपणे सांगत फिरत असतात. उपग्रह अगदी डोक्यावर असला तरी त्याचा संदेश खाली यायला सेकंदाचा साधारण पंधरावा भाग लागतो. निघाला कधी आणि पोचला कधी, यातला फरक काढा, प्रकाशाच्या वेगाने गुणा, की अंतर आलं.

पक्याने धंद्यातली माहिती जोडली. इथे पोचेस्तोवर तो संदेश इतका क्षीण झालेला असतो की भोवतालच्या गोंगाटाच्याही खाली जातो. जीपीएसचे सगळे उपग्रह १५७५.४२ मेगाहर्ट्झ या एकाच फ्रीक्वेन्सीवर बोलतात, पण प्रत्येकाचा १०२३ आकड्यांचा स्वतःचा कोड असतो आणि तो दर मिलिसेकंदाला पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. हे कोड फोनला पाठ असतात. आलेल्या गोंगाटावर तो एकेक कोड मागेपुढे सरकवत बसतो आणि जिथे जुळला तिथे त्याला उपग्रह सापडतो.

"अंतर कळलं म्हणून जागा कशी कळली?" विन्या आता खरंच ऐकत होता.

समोरची बिल्डिंग पाडलेली असल्याने विटांच्या तुकड्यांना तोटा नाही. शिल्पाने एक उचलला आणि फुटपाथच्या पेव्हर ब्लॉकवर मुंबई काढली. कुलाब्याचं टोक खाली, ठाणं वर उजवीकडे. "समज, तुला एवढंच सांगितलं की तू गेटवेपासून सरळ रेषेत २० किमीवर आहेस." तिने गेटवेभोवती गोल काढला. अर्धा गोल समुद्रात. "आता ठाणे स्टेशनपासून १६ किमी." दुसरा गोल. दोन गोल दोन ठिकाणी एकमेकांना छेदले. एक बिंदू पार्ल्यात. दुसरा वाशीच्या पुलाच्या दक्षिणेला, खाडीत.

"खाडीत मी नाही, म्हणजे पार्ल्यात," विन्या म्हणाला.

"झालं की. उपग्रहांचे गोल नसतात, पोकळ चेंडू असतात. तीन चेंडूही दोनच बिंदूंत भेटतात, आणि त्यातला एक बहुधा जमिनीपासून कुठच्या कुठे, अंतराळात असतो. तो सोडून द्यायचा."

"म्हणजे तीन उपग्रह पुरे."

"नाही पुरत," पक्या म्हणाला. "वर अणुघड्याळ आहे. फोनमध्ये काय आहे? मनगटातल्या स्वस्त घड्याळात असतो तसलाच क्वार्ट्झ. तो एक मिलिसेकंद चुकला तरी ३०० किमीचा घोळ."

३०० किमी म्हणजे पार्ल्याहून सरळ रेषेत जवळजवळ कोल्हापूर. तीस कोटी मीटर सेकंदाला धावणाऱ्या गोष्टीशी गाठ असली की हे असं होतं. मायक्रोसेकंद चुकला तर ३०० मीटर, नॅनोसेकंद चुकला तर वीतभराहून थोडं जास्त.

यावरची युक्ती मला या सगळ्यात सर्वांत सुंदर वाटते. फोनचं घड्याळ चुकीचं आहे हे धरूनच चालायचं. ते पुढे असो वा मागे, सगळ्या उपग्रहांची अंतरं त्यामुळे सारखीच चुकतात. सगळे चेंडू सारखेच फुगतात किंवा आकसतात. मग चौथा उपग्रह घ्यायचा आणि विचारायचं, प्रत्येक अंतरातून नेमकं किती कापलं की चारही चेंडू एका बिंदूत भेटतील? त्याचं एकच शहाणं उत्तर निघतं. जागाही मिळते आणि फुकटात फोनचं घड्याळही लागतं.

बापटकाका इतका वेळ गप्प होते. मर्चंट नेव्हीत रेडिओ ऑफिसर होते, आता निवृत्त. "यात नवीन काय आहे?" ते म्हणाले. "जागा म्हणजे वेळ, हे खलाशाला कायमच माहीत होतं. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणजे एका अंशाला ४ मिनिटं. मुंबईचा रेखांश सुमारे ७२.८. गुण चारने."

पक्याने गुणलं. २९१ मिनिटं.

"म्हणजे ४ तास ५१ मिनिटं. मुंबईची स्वतःची वेळ होती ना, ती ग्रिनिचच्या बरोबर तेवढीच पुढे. आजच्या वेळेच्या ३९ मिनिटं मागे. १९०६ साली देशभर एक वेळ ठरली, पण मुंबईने आपली वेळ पुरती सोडायला १९५५ उजाडावं लागलं. बोटीवर क्रोनोमीटर, म्हणजे ग्रिनिचची वेळ सांभाळणारं नेमकं घड्याळ, ४ सेकंद चुकलं, तर विषुववृत्तावर एक नॉटिकल मैल चुकलास." मग गाडी ट्रान्झिटवर गेली. जीपीएसच्या आधीची ही अमेरिकी नौदलाची उपग्रह यंत्रणा १९६४ पासून चालू होती. रशियाच्या स्पुटनिकची पिपाणी जवळ येताना आणि लांब जाताना सूर कसा बदलते, ते १९५७ मध्ये अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी मोजलं आणि त्यावरून त्याची कक्षा काढली. मग तोच हिशेब उलटा केला: कक्षा माहीत असेल तर ऐकणारा कुठे आहे ते काढता येईल. काकांच्या बोटीवर तो संच होता. एकदा जागा मिळाली की पुढच्या वेळेसाठी तास-दीड तास थांबायचं, कधी त्याहून जास्त. "आणि आता तुम्ही पाच सेकंद ठिपका अडकला की बोंबलता," हे ओघाने आलंच.

खरा वाद पेटला तो आइनस्टाइनच्या सापेक्षता सिद्धान्तावरून. शिल्पाने नेहमीचा दाखला दिला. उपग्रह वेगात आहे म्हणून त्याचं घड्याळ दिवसाला ७ मायक्रोसेकंद मागे पडतं, पण वर गुरुत्वाकर्षण कमी म्हणून ४५ पुढे जातं. वजाबाकी ३८ पुढे. तेवढ्यात प्रकाश ११ किमी जातो. "ही दुरुस्ती केली नाही, तर उद्या या वेळेला पार्ल्याचा ठिपका परळला."

"थांब, थांब," पक्या म्हणाला. "आत्ताच सांगितलंस की सगळी अंतरं सारखीच चुकली तर चौथा उपग्रह ती चूक काढून टाकतो. मग वरची सगळीच घड्याळं रोज ३८ पुढे गेली, तर ती चूकही त्याच खात्यात जमा होईल. ठिपका परळला कशाला जाईल?"

शिल्पा गप्प. विन्याला तर सणच. हा दाखला मीही कितीदा वाचलाय, पण ही शंका कुणी काढलेली ऐकली नव्हती.

तिने विटेचा तुकडा हातात फिरवत थोडा विचार केला. "बरोबर आहे तुझं. अंतरं ११ किमीने चुकतील, ठिपका तेवढा सरकणार नाही. पण सगळी घड्याळं सारखी चुकतील हे कुणी सांगितलं? एक उपग्रह दहा वर्षं वर आहे, दुसरा गेल्या महिन्यात गेलाय. त्यांच्या चुकांची बेरीज सारखी कशी असेल?"

"ती खालून जुळवून देता येईल."

"देतील. पण कक्षा अगदी गोल नसते. उपग्रह जवळ आला की घड्याळाचा वेग वेगळा, लांब गेला की वेगळा, आणि प्रत्येकाचं हे आपापल्या वेळी होतं. त्यातून काही मीटर सहज जातात. ती दुरुस्ती तर फोनलाच करावी लागते. शिवाय उपग्रह सेकंदाला जवळजवळ ४ किमी पळतो. तो कुठे होता हेच जर घड्याळावरून काढायचं, तर ३८ मायक्रोसेकंदांत १५ सेंटीमीटर गेले. रोज. महिन्याभराने बघ."

"म्हणजे ११ किमी नाही, पण काही मीटर नक्की," असा तह झाला. मला विचाराल तर तो मान्य व्हायला हरकत नाही. शिल्पाने वर आणखी एक किस्सा सांगितला. १९७७ मध्ये एनटीएस-२ नावाचा प्रायोगिक उपग्रह सोडला, तेव्हा ही दुरुस्ती खरंच लागेल का याची काही जणांना खात्री नव्हती. म्हणून ती चालू-बंद करायची सोय ठेवली. सुमारे २० दिवस बंद ठेवून मोजलं, तर घड्याळ सिद्धान्ताप्रमाणेच पुढे पळत होतं. मग दुरुस्ती चालू केली. आता उपग्रहातली मूळ फ्रीक्वेन्सी जमिनीवर असतानाच किंचित कमी ठेवतात, १०.२३ मेगाहर्ट्झच्या जागी १०.२२९९९९९९५४३.

"हे सगळं अमेरिकेचं. आपलं नाविक आहे की, भारताचं स्वतःचं जीपीएस!" विन्याने पवित्रा बदलला.

आहे, आणि तिथेही रडकथा घड्याळांचीच. पहिला उपग्रह २०१३ मध्ये गेला. सातांची रचना: तीन विषुववृत्तावर स्थिर, चार आकाशात इंग्रजी आठचा आकडा काढत फिरणारे, सगळे सुमारे ३६,००० किमीवर, भारत आणि भोवतालच्या १५०० किमीपुरते. पण पहिल्या उपग्रहातली तिन्ही आयात रुबिडियम अणुघड्याळं बंद पडली. उपग्रह तसा धडधाकट, पण वेळच सांगता येईना, म्हणजे जागेच्या कामाला शून्य. त्याच्या जागी धाडलेला २०१७ मध्ये रॉकेटच्या नाकावरचं आवरणच न उघडल्याने वाया गेला. मे २०२३ मध्ये गेलेल्या एनव्हीएस-०१ मध्ये देशी अणुघड्याळ बसवलं, आणि साध्या फोनना सोपा पडणारा एल-१ पट्टाही दिला. जानेवारी २०२५ मधला त्याचा भाऊ एक व्हॉल्व न उघडल्याने ठरलेल्या कक्षेत पोचलाच नाही. विन्या यावर बराच वेळ हळहळला, आणि ते हळहळणं खरं होतं.

मग त्याने हायवेवरच्या टॅक्सीचं गाऱ्हाणं काढलं: हा पुलाखाली, गाडी पुलावर, आणि दोघांच्या फोनमध्ये दोघे एकाच जागी. जे. जे. उड्डाणपूल आणि खालचा मोहम्मद अली रोड इथेही तोच प्रकार. कारण साधं आहे. उपग्रह फक्त वर असतात. खालच्या बाजूला पृथ्वी आड येते. त्यामुळे उंची नेहमीच आडव्या जागेपेक्षा कच्ची. मोकळ्या आकाशाखाली फोन पाचेक मीटरपर्यंत बरोबर असतो, आणि पुलाची उंचीच तेवढी. लोअर परळच्या काचेच्या टॉवरांत तर संदेश भिंतींवर आपटून, लांबचा रस्ता घेऊन येतो आणि फोन ते जास्तीचं अंतर खरं मानतो.

पक्या म्हणाला, "उंचीचं सोड. काही संचांवर सेटिंग बदललं ना, तर जेटीवर उभं राहून उंची उणे साठ मीटरच्या आसपास येते. गिऱ्हाईक म्हणतं, मशीन खराब." मशीन बरोबर असतं. जीपीएस उंची मोजतं ती पृथ्वीच्या एका गुळगुळीत, हिशेबी आकारापासून. हिंदी महासागरात गुरुत्वाकर्षण कमी असल्याने खरं पाणी त्या आकाराच्या खाली बसलंय, श्रीलंकेच्या दक्षिणेला १०६ मीटर, मुंबईजवळ साठ-पासष्ट.

उठायची वेळ झाली तेव्हा काकांनी शेवटचा खडा टाकला. संदेश इतका दुबळा, तर कुणीही जवळून जोरात ओरडून तो बुडवू शकतो. आणि नागरी कोड उघड छापलेला, म्हणून त्याची नक्कलही करता येते. २०१७ मध्ये काळ्या समुद्रात रशियाच्या किनाऱ्याजवळ उभ्या जहाजांना त्यांचे जीपीएस सांगत होते की तुम्ही विमानतळावर आहात.

"बघा! म्हणजे वरून कुणीतरी..."

"वरून नाही रे, खालून!" तिघे एकदम ओरडले.

पक्या म्हणाला, तो गिऱ्हाइकांना बोटीवरचं होकायंत्र काढू देत नाही ते याचसाठी. शिल्पा म्हणाली, युरोपच्या गॅलिलिओ या उपग्रह यंत्रणेने आता संदेशाला खरेपणाची सही जोडलीय, बाकीच्यांनाही ते करावं लागेल. विन्याने विचारलं की अशा फसवणुकीचा विमा उतरवता येतो का, आणि बापटकाका चपला शोधू लागले.