नोकऱ्या मिळाल्या ना? हो, मिळाल्या. आता पुढचं ऐका

गडचिरोली जिल्ह्यातल्या सूरजागड डोंगरावरच्या लोहखाणीबद्दल काहीही लिहिलं की एक कमेंट ठरलेली, "पण पोरांना नोकऱ्या मिळाल्या ना?" मिळाल्या. माझ्या ओळखीतलीच तीन-चार पोरं तिथे कामाला आहेत. एकाने बापाला मोटरसायकल घेऊन दिली. धानाचं एक पीक आणि उन्हाळ्यात मोह-तेंदू, एवढ्यावर वर्ष काढणाऱ्या एटापल्ली तालुक्यात महिन्याचा पगार म्हणजे काय, हे मला कुणी पुण्यात बसून समजावू नये.

गेल्या एप्रिलात रस्त्यालगतच्या एका घरी गेलो होतो. आजी घमेल्यात मोहफुलं धूत होत्या. मोह कुणी धुतं का? वेचायचा, अंगणात वाळवायचा, विकायचा. भिजला की सडतो. विचारलं तर त्यांनी घमेलंच पुढे सरकवलं. पाणी विटकरी! व्यापारी म्हणतो, मी काय माती तोलून घेऊ? ट्रक गेला की लाल धुरळा उठतो आणि तो खाली बसायच्या आत दुसरा ट्रक येतो.

खाणपट्टा २००७ चा, खोदकाम २०१६ चं. त्याच डिसेंबरात नक्षल्यांनी गाड्या जाळल्या, काम थांबलं, २०२१ पासून पुन्हा जोरात. मग वर्षाला ३० लाख टन खनिजाचे १ कोटी टन करायचे ठरले. त्यावर लोकांचं म्हणणं ऐकायची जनसुनावणी ऑक्टोबर २०२२ मध्ये झाली. कुठे? गडचिरोली शहरात. डोंगरापासून दीडशे किलोमीटरच्या आसपास, आणि जायचं त्याच ट्रकांच्या रस्त्याने!

नियम सांगतो, सुनावणी प्रकल्पाच्या जागी किंवा जवळ घ्या. नक्षल भागात कशी घेणार म्हणाल, तर रोज शेकडो ट्रक भरायला बंदोबस्त मिळतो की. एका दिवसाच्या मांडवालाच कमी पडतो?

दर जानेवारीत ठाकूरदेवाच्या जत्रेला सत्तर गावांची माणसं त्याच डोंगरावर जमतात. कुणी पत्रिका पाठवत नाही. तिथे पायथ्याशी बसवायचे होते साहेब लोक, आणि माडियात, त्यांच्या बोलीत, बोलू द्यायचं होतं सगळ्यांना. लोक कदाचित हो म्हणाले असते, कदाचित नाही. पोरांचे पगार त्यांनाही दिसतात.

आजींना विचारलं, तुम्ही गेल्या होत्या का सुनावणीला?

"धान कापायचे होते ना. अन् रात्री वापस यायला गाडी कोणती?"