जोड

१ ऑगस्ट २०२४. त्या दुपारी कोल्हापुरात काय चाललं होतं ते इथल्या माणसाला सांगायला नको. राधानगरीच्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेनं पॅरिस ऑलिम्पिकमध्ये नेमबाजीचं ब्राँझ मारलं होतं आणि माझा फोन पेढ्यांच्या फोटोंनी भरून गेला होता. पेढे मीही खाल्ले. त्याच दिवशी, त्याच ऑलिम्पिकमध्ये महाराष्ट्राचा आणखी एक पोरगा बॅडमिंटनच्या दुहेरीत, मलेशियाच्या जोडीकडून, उपांत्यपूर्व फेरीत हरला. पहिला गेम २१-१३ असा आरामात घेतला, मग १४-२१, १६-२१. टीव्हीसमोर मी एकटाच. मुलगा आत डोकावला, म्हणाला, "पप्पा, हे डबल्सच हाय न्हवं?" आणि गेला.

त्या 'डबल्सच'वर मला बोलायचंय. वर्ष-दीड वर्ष डोक्यात आहे.

हरलेला पोरगा म्हणजे मुंबईचा चिराग शेट्टी. जोडीला आंध्रातल्या अमलापुरमचा सात्विकसाईराज रंकीरेड्डी. सात्विकचा स्मॅश, म्हणजे वरून खाली हाणलेला फटका, ताशी ५६५ किलोमीटर, गिनीज बुकात नोंद. ते सगळ्यांना पाठ आहे. पण मॅचमध्ये तो स्मॅश मारायला शटल वर यावं लागतं, आणि समोरचा काही हौसेनं शटल उचलून देत नाही. जाळीपाशी कुणीतरी त्याची वाट अडवून उभा असतो, म्हणून नाइलाजानं उचलतो. तो उभा असणारा बहुतेक वेळा चिराग.

गंमत म्हणजे दोघेही मुळात मागून मारणारे. मलेशियाचे कोच टॅन किम हर यांनी २०१६ च्या सुमारास यांची जोडी लावली, तेव्हा दोघांनाही ते फारसं पटलं नव्हतं. दोन उंच, दणकट पोरं, दोघांचाही जीव स्मॅशमध्ये. मग कुणीतरी पुढे जायला शिकायचं. पुढे जायला शिकायचं म्हणजे काय, ते मी सांगतो, कारण बारा वर्षं मी तेच करतोय (वाईट पद्धतीनं).

मी रोज सकाळी आमच्या हॉलवर आप्पांच्या जोडीनं खेळतो. आप्पा रिटायर्ड, वय पासष्ट, पण मनगट अजून पंचविशीतलं. ते मागे, मी पुढे. पुढे उभं राहिलं की रॅकेट छातीच्या वर हवी, गुडघे वाकलेले हवेत, आणि मागे वळून बघायचं नाही. जोडीदार कुठं आहे ते त्याच्या बुटांच्या आवाजावरून ओळखायचं. एकदा मी वळून बघितलं. आप्पांचा स्मॅश सरळ डोळ्याखाली बसला. आठवडाभर गल्लीत जो तो विचारायचा, "काय, घरात भांडण झालं का?"

पॉइंट मिळाला की टाळ्या मागच्याला. पुढच्याच्या हातून शटल जाळीत गेलं की मात्र सगळा हॉल हळहळतो. हा हिशेब मुंबईत तोच, बँकॉकमध्ये तोच.

आपल्या गावाची अडचण मला कळते. आपलं खेळाचं डोकं तालमीत घडलंय. खासबागेच्या कुस्तीत 'जोड' म्हणजे समोरचा, ज्याला चितपट करायचं तो. बॅडमिंटनमध्ये जोड शेजारी उभी असते आणि तिचं ओझंही आपण वाहायचं असतं. फुटबॉलला आपण जीव टाकतो, पण तिथंही शेवटी विचारतो, गोल कुणी मारला? दोघांनी मिळून जिंकलं म्हटलं की आपल्याला ते अर्धं अर्धं वाटतं.

अर्धं? १५ मे २०२२, बँकॉक, थॉमस कपची, म्हणजे देशांच्या पुरुष संघांच्या स्पर्धेची फायनल. समोर चौदा वेळा कप जिंकलेलं इंडोनेशिया. लक्ष्य सेननं पहिली मॅच काढलेली. दुसरी सात्विक-चिरागची, अहसान-सुकामुल्जोविरुद्ध. पहिला गेम गेला १८-२१. दुसऱ्यात १७-२०. तीन मॅच पॉइंट डोक्यावर. ते तिन्ही वाचवले, मग आणखी एक वाचवला, गेम २३-२१ आणि तिसरा २१-१९. मागाहून श्रीकांतनं काम फत्ते केलं, भारत ३-०. ती रेकॉर्डिंग मी किती वेळा बघितली असेल! १७-२० ला दोघांची तोंडं बघा. कुणीही कुणाकडं 'तुझ्यामुळं' असं बघत नाही. आमच्या हॉलवर ११-१५ ला निम्म्या जोड्या मोडतात.

पुढचं पटापट सांगतो, कारण यादीत मजा नाही. २०२२ ला कॉमनवेल्थचं सुवर्ण आणि जागतिक स्पर्धेचं ब्राँझ. २०२३ ला आशियाई अजिंक्यपद, इंडोनेशिया ओपन, हांगझोऊला एशियाडचं सुवर्ण, जागतिक क्रमवारीत पहिला नंबर, खेलरत्न. त्याआधी टोकियो ऑलिम्पिकमध्ये मात्र गटात तीनपैकी दोन मॅच जिंकूनही गेमच्या फरकानं बाहेर. त्यातली एक ज्या तैवानी जोडीला हरवून जिंकली, सुवर्ण नेलं त्याच जोडीनं. असलं नशीब वैऱ्यालाही नको.

२०२४ च्या जुलैत टी-ट्वेंटी विश्वचषक जिंकलेल्या क्रिकेट संघाला राज्य सरकारनं ११ कोटी जाहीर केले, तेव्हा चिरागनं उघड विचारलं, थॉमस कपचं काय? कितीतरी जण त्याच्यावर तुटून पडले, पैशाला हपापलाय म्हणून. मला त्याचं शंभर टक्के पटलं. थॉमस कप म्हणजे बॅडमिंटनचा विश्वचषकच की. विजेत्या संघात महाराष्ट्राचा तो एकटा. मागायला लागलं, ही लाज त्याची नव्हे.

आणि हे आजचं नाही. शेजारच्या सांगलीत जन्मलेले बॅडमिंटनपटू नंदू नाटेकर घ्या. १९५६ ला क्वालालंपूरला जिंकले हे आपण अभिमानानं सांगतो. राष्ट्रीय स्पर्धेत एकेरी सहा वेळा जिंकली, हेही सांगतो. पुरुष दुहेरीही त्यांनी सहा वेळा जिंकली होती, हे किती जणांच्या तोंडात येतं?

आमच्या हॉलवर सकाळी सहा ते आठ डबल्सशिवाय काही चालत नाही. कोर्ट दोन, माणसं वीस, शटलची वर्गणी सगळ्यांची. तीच माणसं पोरांचे फॉर्म भरताना फक्त सिंगल्सवर टिक करतात. "डबल्समध्ये जोडीदारानं घाण केली तर?" एका पालकानं मला विचारलं. मी म्हटलं, तुमच्या पोरानं केली तर? त्यांना राग आला. अजून माझ्याशी नीट बोलत नाहीत.

मागच्या वर्षी, २०२५ च्या फेब्रुवारीत, सात्विकचे वडील अचानक गेले. वर दोघांच्या दुखापती. ऑगस्टमध्ये जागतिक स्पर्धा, पुन्हा पॅरिस. ऑलिम्पिकचाच हॉल. उपांत्यपूर्व फेरीत समोर तीच मलेशियाची जोडी, चिया आणि सोह. या वेळी २१-१२, २१-१९. पुढं सेमीफायनल हरले, ब्राँझ आलं. कोल्हापुरात एकही फटाका वाजला नाही आणि माझ्या फोनवर एकही पेढा आला नाही.

सकाळी हॉलवर आप्पांना सगळं सांगितलं, चिराग जाळीवर कसा उभा होता ते रॅकेट धरून करून दाखवलं. आप्पा चहा संपवून उठले, म्हणाले, "आज मी पुढं उभारतो, तू मागं जा."

पहिल्याच रॅलीला त्यांनी मागं वळून बघितलं.