फाटक्या बनियनची गोष्ट

आज ऑफिसात जेवताना एका फिनिश सहकाऱ्याने विचारलं, 'आमचा कुठला सिनेमा पाहिलास?' मी आपलं खरं सांगितलं, 'ऊनो तुर्हापुरोचे.' ऊनो म्हणजे इथल्या विनोदी सिनेमांचा नायक. त्याने असं तोंड केलं, जणू मी त्याच्या सूपमध्ये चप्पल बुडवली. 'तो काय सिनेमा आहे?' म्हणे. माझा डबा तसाच राहिला.

फिनलंडमधल्या एस्पो शहरातला माझा पहिला हिवाळा. दुपारी साडेतीनला अंधार. खालच्या मजल्यावरचे आजोबा 'मोई'पलीकडे, म्हणजे नमस्कारापलीकडे, कधी बोलायचे नाहीत. एका रविवारी जिन्यात दिसलो तर हाताने 'ये' म्हणाले. आत टीव्हीवर ऊनो. जाळीची फाटकी बनियन, पुढचे दात गायब, श्रीमंत सासऱ्याच्या पैशावर डोळा, आणि फ्रीज उघडून उभ्या उभ्या हादडतोय. मला भाषेचं ओ की ठो कळत नव्हतं, तरी पोट दुखेपर्यंत हसलो. आजोबा तर डोळे पुसत होते.

हे ज्याच्या डोक्यातून निघालं तो पेर्त्ती पासानेन, म्हणजे अख्ख्या देशाचा 'स्पेदे'. 1930 चा जन्म, कुओपिओचा. रेडिओ, टीव्ही, सिनेमा, सगळीकडे हाच. लिहायचं यानेच, काम करायचं यानेच, पैसे घालायचे तेही यानेच. ऊनो आधी टीव्हीवरच्या प्रहसनातला, 1973 मध्ये मोठ्या पडद्यावर आला. समीक्षकांनी वर्षानुवर्षं धुतलं. आणि 1984 चा ऊनो लष्करात जातो तो सिनेमा? थिएटरात 7 लाखांहून जास्त प्रेक्षक, 49 लाखांच्या देशात! हे सगळे अडाणी होते काय?

बरं, इतकं करून स्वतःला हिरो केलं का? नाही. स्वतःकडे घेतली गॅरेजवाल्या हार्तिकाइनेनची भूमिका. ऊनो दिला वेसा-मात्ती लोइरीला. हाच लोइरी फिनिश कवी एइनो लेइनोच्या कविता गायला की हीच शहाणी मंडळी डोळे मिटून ऐकणार. बनियन घातली की मात्र लाज वाटते! दादा कोंडक्यांच्या नावाने नाकं मुरडणारे आपल्याकडे काय कमी होते?

हो, बरेच सिनेमे घाईत उरकलेले आहेत. ऊनोच्या बायकोला चिडण्यापलीकडे फारसं काम नाही. मान्य. पुढे.

स्पेदे 2001 मध्ये गेला, लोइरी 2022 मध्ये. त्या ऑगस्टमध्ये आजोबा जिन्यात भेटले तेव्हा 'मोई'सुद्धा म्हणाले नाहीत. मान हलवली आणि गेले. मी उगाच पत्रपेटी उघडून बघत राहिलो.

आज संध्याकाळी त्यांची बेल वाजवली. मोडक्यातोडक्या फिनिशमध्ये ऑफिसातला किस्सा सांगितला. चिडतील असं वाटलं होतं. त्यांनी शांतपणे विचारलं, 'तो फ्रीजवर हसत नाही?' मग डीव्हीडीचं कपाट उघडलं आणि काहीतरी म्हणाले. 'जेवून ये' की 'जेवायला ये', ते काही मला नीट कळलं नाही.

डबा घेऊनच खाली चाललोय.