‘डबल क्रॉस’ हा शब्द जोनाथन वाइल्डच्या वहीतून आलेला नाही

इंग्रजी शब्दांचे उगम सांगणाऱ्या पोस्ट आणि ‘तुम्हाला माहीत आहे का?’ छापाची चित्रं यांतून एक कथा वर्षानुवर्षं फिरते आहे. ती अशी: अठराव्या शतकाच्या सुरुवातीला लंडनमध्ये जोनाथन वाइल्ड नावाचा चोरांचा म्होरक्या होता. त्याच्यासाठी काम करणाऱ्या चोरांची नावं तो एका वहीत लिहायचा. नावापुढे एक फुली असली तर चोर कामाचा. दुसरी फुली पडली की वाइल्ड त्याला सरकारच्या हवाली करून बक्षीस खिशात घालायचा. या दोन फुल्यांवरून ‘डबल क्रॉस’ म्हणजे दगाबाजी. पोस्टच्या शेवटी बहुधा दोन पुरवण्या असतात. एक, डबल क्रॉस म्हणजे कोणताही विश्वासघात. दुसरी, हा शब्द रूढ केला तो दुसऱ्या महायुद्धातल्या ब्रिटिश हेरखात्याने.

यातला वाइल्ड खरा आहे, त्याची दगाबाजीही खरी आहे. म्हणून तर कथा पचते. पण शब्दाचा जन्म तिथे झालेला नाही, आणि पुरवण्याही टिकत नाहीत.

‘वाइल्ड चोरांना वापरून मग फासावर चढवायचा.’

हे बरोबर. वुल्व्हरहॅम्प्टनचा हा माणूस लंडनला आला आणि कर्ज थकल्यामुळे वुड स्ट्रीटच्या कैदखान्यात गेला. तिथे त्याची चोरांच्या जगाशी ओळख झाली. १७१३च्या सुमारास चार्ल्स हिचेन या दुय्यम सिटी मार्शलबरोबर (शहराच्या बंदोबस्ताचा अधिकारी) तो चोर पकडायला लागला, आणि लवकरच त्याने स्वतःची कचेरी थाटली. धंद्याची युक्ती अशी की चोरीचा माल तो स्वतः विकत घेत नसे, कारण असा माल घेणाऱ्यांविरुद्धचे कायदे तोवर कडक झाले होते. ज्याची चोरी झाली तो वाइल्डकडे येई, पाच शिलिंग भरून वस्तूचं वर्णन नोंदवी. काही दिवसांनी वस्तू ‘सापडे’. मालक बक्षीस देई आणि त्यातला वाटा चोराकडे जाई. जो चोर परस्पर माल विकू लागला किंवा डोईजड झाला, त्याला वाइल्ड पकडून देई. एक वाटमाऱ्या दोषी ठरला की १६९२च्या कायद्याप्रमाणे ४० पौंड मिळत.

१७१८मध्ये अमलात आलेल्या कायद्याने ही फट बुजवली. चोराला पकडून न देता नुसतं मालाच्या परतीचं बक्षीस घेणं हाच गंभीर गुन्हा ठरला. वाइल्ड अडकला तो याच कलमात. जानेवारी १७२५मध्ये हॉलबर्न पुलाजवळच्या एका दुकानातून सुमारे ४० पौंडांची लेस चोरीला गेली. चोरीच्या वेळी वाइल्ड दुकानात शिरलाच नव्हता, म्हणून चोरीच्या आरोपातून तो सुटला. पण मार्चमध्ये, न्यूगेटच्या तुरुंगात असतानाच, त्याने दुकानमालकिणीकडून लेस परत मिळवून देण्याचे १० गिनी (एक गिनी म्हणजे २१ शिलिंग, पौंडाहून थोडी जास्त) घेतले होते. १५ मे रोजी खटला चालला आणि २४ मे १७२५ला टायबर्नला त्याला फाशी झाली.

‘वाइल्डच्या वहीत दोन फुल्या होत्या.’

वही होती, यात नवल नाही. नोंदणीचे पैसे घेणाऱ्या कचेरीत वही असणारच. त्याच्याविरुद्ध मांडलेल्या अकरा मुद्द्यांच्या आरोपपत्रातही टोळ्या त्याला नियमित हिशेब देत असल्याचं म्हटलं आहे. त्या यादीत बारीकसारीक गोष्टी आहेत: अधिकाराची खूण म्हणून जवळ बाळगलेला चांदीचा दंडुका, माल हॉलंडला नेणारं जहाज, घड्याळं आणि अंगठ्या ओळखू येणार नाहीत अशा बदलून देणारे कारागीर, खोटे साक्षीदार. फुल्या त्या यादीत नाहीत.

वहीचं चित्र लोकांच्या मनात ठसायला एक नाटक नक्की उपयोगी पडलं असेल. वाइल्डच्या फाशीनंतर तीन वर्षांनी, १७२८मध्ये, जॉन गेचं ‘द बेगर्स ऑपेरा’ रंगमंचावर आलं. त्यातला पीचम हा वाइल्डवरूनच बेतलेला आहे. पडदा उघडतो तेव्हा तो मोठी हिशेबाची वही पुढे घेऊन बसलेला असतो. पुढे तो टोळीतल्या चोरांची नोंद तपासतो, कोणाला आता फासावर पाठवायला हरकत नाही ते ठरवतो, आणि एकाचं नाव आपण काळ्या यादीत घातल्याचं बायकोला सांगतो. त्या चोराचे पैसे संपले की त्याच्या बायकाच त्याला पकडून देतील आणि ४० पौंड हातचे जातील, हा त्याचा हिशेब. म्हणजे वही आहे, यादी आहे, ४० पौंडांचा भावही आहे. दोन फुल्या इथेही नाहीत. (मराठी प्रेक्षकाला ही माणसं परकी नाहीत. याच नाटकावरून १९२८मध्ये ब्रेश्टचा ‘थ्रीपेनी ऑपेरा’ झाला आणि त्यावरून पु. ल. देशपांड्यांचा ‘तीन पैशाचा तमाशा’.)

‘त्यावरून शब्द पडला.’

समजा, उद्या एखाद्या माळ्यावर वाइल्डची वही सापडली आणि तीत खरंच दोन दोन फुल्या निघाल्या. तरीही शब्दाचा उगम सिद्ध होत नाही. छापील इंग्रजीत ‘डबल क्रॉस’ हा जोडशब्द या अर्थाने भेटतो तो १८३४पासून. वाइल्ड १७२५मध्ये गेला. मधल्या १०९ वर्षांत वाइल्डवर चरित्रं लिहिली गेली, हेन्री फील्डिंगने १७४३मध्ये त्याच्यावर कादंबरी लिहिली, चोरांच्या बोलीचे कोश निघाले. वाइल्डच्या नावाने इतका गाजलेला शब्द असता तर शंभर वर्षं छपाईबाहेर दबून राहिला नसता. आणि १८३४मध्ये तो वर येतो तेव्हा त्याच्यासोबत वाइल्डही नाही, वहीही नाही. तिथे आहे मुष्टियुद्धाचा आखाडा.

विल्यम हॅरिसन एन्सवर्थच्या ‘रूकवुड’ या १८३४च्या कादंबरीत ‘द डबल क्रॉस’ नावाचं एक गाणं आहे, चोरांच्या बोलीतलं. गाणारा म्हणतो, एका मल्लाने मुद्दाम हरायची लढत आपण सगळ्यांनी ऐकली आहे, पण दोघांनीही हरायचं ठरवलेली लढत ही नवी बातमी. दोघंही विकले गेलेले, त्यामुळे पैजेच्या पैशांचा पार बट्ट्याबोळ. इथला ‘डबल’ म्हणजे कागदावरची दुसरी खूण नव्हे, एका फसवणुकीवर चढलेली दुसरी फसवणूक. ‘क्रॉस’ म्हणजे आधीच फिक्स केलेली लढत.

हा ‘क्रॉस’ कुठून आला तेही नोंदलेलं आहे. जेम्स हार्डी व्हॉक्स हा इंग्रज कैदी ऑस्ट्रेलियात न्यू साउथ वेल्समध्ये शिक्षा भोगत होता. त्याने १८१२मध्ये चोरांच्या बोलीचा कोश तयार केला आणि तो १८१९मध्ये त्याच्या आठवणींसोबत लंडनला छापला गेला. त्यात सगळ्या बेकायदा, लबाडीच्या धंद्यांना ‘क्रॉस’ म्हटलं आहे आणि त्याच्या उलट सरळमार्गी व्यवहाराला ‘स्क्वेअर’. काटकोनात बसतं ते सरळ, तिरकं जातं ते लबाडीचं. ‘स्क्वेअर डील’ आजही बोलण्यात आहे. ‘क्रॉस’चा हा अर्थ मात्र इंग्रजीत जुना पडला आणि जोडशब्दातच अडकून राहिला. एकटा ‘क्रॉस’ कळेनासा झाल्यामुळेच लोक फुल्यांच्या शोधात निघाले, असं आमचं मत आहे.

आता आखाडा, कारण शब्दाचा नेमका अर्थ तिथेच कळतो. त्या काळी हातमोजे नव्हते. १७४३पासून ब्रॉटनचे नियम चालत. एक मल्ल पडला की फेरी संपे, आणि अर्ध्या मिनिटात तो मधल्या आखलेल्या चौकोनाच्या कडेशी परत आला नाही तर हरला. अशा नियमात मुद्दाम हरणं फार सोपं. थोडा मार खायचा, पडायचं आणि अर्धा मिनिट उठायचं नाही. खरंच ताकद संपली की सौदा झाला होता, हे बाहेरून सांगणं जवळपास अशक्य.

हिशेब उदाहरणाने पाहू. ‘क’ हा फेव्हरिट, ‘ख’ दुबळा. ‘ख’चा भाव एकाला चार: एक गिनी लावली आणि तो जिंकला तर वर चार मिळणार. एक टोळी ‘ख’वर १०० गिन्या लावते आणि ‘क’ला हरण्यासाठी १५० गिन्या आगाऊ देते. ‘ख’ जिंकला की टोळीला ४०० मिळतील, ‘क’चे १५० वजा जाता २५० निव्वळ. हा झाला साधा क्रॉस.

टोळीचे पैसे ‘ख’वर आले की ‘ख’चा भाव घसरतो, समजा चारावरून दोनावर. त्याच वेळी ‘क’चा भाव सुधारतो. आधी ‘क’वर चार लावून एक मिळत होता, आता दोन लावून एक मिळतो. ‘क’ आपल्या एखाद्या मित्रामार्फत तेच १५० स्वतःवर लावतो आणि मन लावून लढतो. जिंकला की आगाऊ घेतलेले १५० त्याचेच राहिले, वर ७५ आले. जुन्या भावाने साडेसदतीसच आले असते. म्हणजे टोळीच्या फिक्सिंगनेच त्याच्या दगाबाजीचा नफा दुप्पट केला. टोळीचे पैजेचे १०० आणि लाचेचे १५० असे २५० बुडाले, आणि दाद मागायला ती कुठे जाणार? मूळ सौदाच लबाडीचा. हा डबल क्रॉस. घोड्यांच्या शर्यतीतही हेच: जॉकीने घोडा आवरून धरायचं कबूल करायचं आणि तो पुढे काढायचा. फिक्सिंग करणारे सगळे पैसे आधी का देत नाहीत, याचं उत्तर या आकड्यांतच आहे.

‘डबल क्रॉस म्हणजे कोणताही विश्वासघात.’

आज सैलपणे तसा वापर होतो, आणि वापर बदलतो याला कोणाची हरकत नसावी. पण शब्दाची धार वेगळी आहे. डबल क्रॉससाठी आधी एक लपवाछपवीचा सौदा लागतो आणि त्या सौद्यातल्या भागीदाराने आतून मारलेली पाचर लागते. भावाने भावाची जमीन लाटली तर तो विश्वासघात. दोघा भावांनी मिळून तिसऱ्याची जमीन लाटायचं ठरवलं आणि एकाने ऐनवेळी दुसऱ्यालाही बाहेर ठेवून सगळी आपल्या नावावर केली, तर तो डबल क्रॉस. मराठीत भाषांतर करताना सरसकट ‘विश्वासघात’ किंवा ‘दुटप्पीपणा’ लिहिला की फसणाराही लबाड होता, हे निसटतं. ‘चोरावर मोर’ पुष्कळ जवळ जातं. ‘डबल क्रॉस करणं’ हे क्रियापद तर आणखी अलीकडचं. ते अमेरिकन इंग्रजीत १९०३पासून दिसतं, त्याआधी हे फक्त नाम होतं.

फसवणाऱ्यालाच फसवण्यासाठी इंग्रजीत याहून जुना, आता वापरातून गेलेला एक शब्द होता: ‘क्रॉस-बाइट’. रॉबर्ट ग्रीनने १५९१मध्ये लंडनच्या ठगांवर पुस्तिका लिहिली आणि त्यांच्या आठ ‘विद्या’ मोजून दाखवल्या. पत्त्यांतली फसवणूक, खोटे फासे, खिसेकापूपणा, आणि त्यांतच ‘क्रॉस-बाइटिंग’. पद्धत अशी: एक बाई पुरुषाला खोलीत नेते, नेमक्या वेळी तिचा तथाकथित नवरा किंवा भाऊ दार फोडून येतो, बदनामीची आणि तुरुंगाची धमकी देतो आणि पैसे घेऊन सोडतो. पुढे फ्रान्सिस ग्रोसच्या १७८५च्या बोली-कोशात याचा अर्थ मित्राला जाळ्यात ओढणाऱ्या ठगाचा साथीदार असाही दिला आहे. हाच ‘क्रॉस’ पुढे ‘डबल क्रॉस’मध्ये आला असं ठामपणे म्हणता येणार नाही. इतकं मात्र नक्की, की फसवणुकीच्या शब्दाला ‘क्रॉस’ जोडण्यासाठी लंडनला वाइल्डची गरज नव्हती. वाइल्डच्या जन्माच्या सुमारे नव्वद वर्षं आधीच ते घडलं होतं.

‘शब्द हेरखात्याने रूढ केला.’

क्रम उलटा झाला आहे. पकडलेल्या जर्मन हेरांना आपल्याकडे वळवून त्यांच्याच हस्ते खोटी माहिती पाठवणाऱ्या यंत्रणेवर देखरेख करायला ब्रिटनने जानेवारी १९४१मध्ये एक समिती नेमली. ऑक्सफर्डचे इतिहासकार जॉन मास्टरमन तिचे अध्यक्ष होते. तिचं नाव ‘ट्वेंटी कमिटी’, कारण रोमन अंकांत वीस म्हणजे दोन एक्स, म्हणजेच दोन फुल्या. नाव ठेवणाऱ्यांना ‘डबल क्रॉस’ हा शंभरेक वर्षांचा शब्द माहीत होता आणि त्यावर त्यांनी कोटी केली. कोटी चपखलही होती, कारण हेर मुळात फसवायला आलेला आणि आता त्याच्या मालकांचीच फसवणूक चाललेली. फुल्या शब्दात शिरल्या असतील तर इथे, तेही खूप उशिरा.

हे सगळं स्वतः पडताळायचं असेल तर लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयाच्या १६७४ ते १९१३पर्यंतच्या खटल्यांचे वृत्तांत ऑनलाइन खुले आहेत, वाइल्डचाही खटला त्यात आहे. त्या काळची इतर पुस्तकं स्कॅन केलेल्या संग्रहांत मिळतात. तिथे शोधताना दोन अडचणी येतात. अठराव्या शतकाच्या छपाईत शब्दाच्या मधला ‘एस’ लांबट काढत, तो यंत्र ‘एफ’ म्हणून वाचतं. त्यामुळे ‘क्रॉस’च्या स्पेलिंगमधल्या पहिल्या एसच्या जागी एफ घालूनही शोधावं लागतं, नाहीतर असलेला शब्दही सापडत नाही आणि ‘नाही’ हा निष्कर्ष पोकळ ठरतो. दुसरी अडचण उलटी: जोडशब्द सुटा, जोडरेषेने आणि एकत्र अशा तिन्ही रूपांत शोधला की दोन आडव्या पट्ट्यांचे चर्चचे क्रूस आणि सरदारांच्या ढालींवरची चिन्हं यांचे ढीगभर उल्लेख वर येतात. ते १७२५च्या आधीचेही असतात, आणि त्यांचा दगाबाजीशी काही संबंध नसतो. प्रत्येक उल्लेखाच्या मागचं-पुढचं वाक्य वाचल्याशिवाय त्यातला एकही पुरावा म्हणून धरू नये.