कुकरात डाळीचं प्रोटीन जळतं म्हणे! त्या स्लो कुकरवाल्या मेसेजचा जरा हिशोब

जळगाव-भुसावळकडच्या फॅमिली ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरू राहिलाय, तुमच्याकडेही आला असेल. त्यात थोडक्यात असं म्हटलंय की प्रेशर कुकरात डाळ शिजवली की प्रोटीन जळून जातं, शिट्टीतून जीवनसत्त्वं उडतात, वर जो फेस येतो तेच युरिक ॲसिड आणि म्हणून गुडघे धरतात. उपाय काय तर स्लो कुकर (मंद आचेवर कित्येक तास शिजवणारं विजेचं भांडं) घ्या, रात्री डाळ, भाज्या, टोमॅटो, राजमा सगळं कच्चंच टाका, लो वर लावा, सकाळी उठून खा. पोषण शंभर टक्के, वीज नावाला, आणि हीच म्हणे आपल्या आज्यांची मूळ पद्धत.

आधीच सांगते, मी स्लो कुकरच्या विरोधात अजिबात नाही, माझ्या ओट्यावर आहे एक आणि थंडी पडली की त्यात डाळी-भाज्यांचा घट्ट रस्सा लागतोच, भाकरी चुरून खायला त्याच्यासारखं काही नाही. पण हा मेसेज वाचून कोणी खरंच कच्चा राजमा रात्री लो वर लावला तर सकाळी दवाखाना आहे, म्हणून एवढं टाइप करतेय.

प्रोटीन जळतं, हे पहिलं. नाही जळत भो. कुकरात तापमान जातं साधारण १२० डिग्रीपर्यंत, तेही पाण्यात, वाफेत. जळणं म्हणजे तळाला डाळ लागून काळी होते ते. वाफेत प्रोटीनची घडी उलगडते फक्त, आणि उलगडलेलं प्रोटीन पोटाला पचायला उलट सोपं जातं. कच्च्या डाळीत ट्रिप्सिन इनहिबिटर नावाचे घटक असतात, ते प्रोटीन पचूच देत नाहीत, त्यांची खोड मोडते ती नीट शिजवल्यावरच. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेनं २०२४ मध्ये आहाराच्या नव्या सूचना काढल्या त्यात तर सरळ लिहिलंय की डाळींची पौष्टिकता वाढवायला उकळणं किंवा प्रेशर कुकर हाच सगळ्यात चांगला मार्ग. सोबत हेही सांगितलंय की डाळी गरजेपेक्षा जास्त शिजवू नका, त्यानं लायसिन, म्हणजे प्रोटीनमधला एक गरजेचा घटक, कमी होतं. म्हणजे वेळ वाढवत नेण्यात फायदा नाही, आणि मेसेज नेमकं तेच करायला सांगतोय.

जीवनसत्त्वांचं तसंच. क जीवनसत्त्व आणि फोलेट उष्णतेनं कमी होतात हे खरं, पण त्यात नुसती डिग्री बघून चालत नाही, किती वेळ हेही बघावं लागतं. कुकरात दहा-पंधरा मिनिटं आणि स्लो कुकरात आठ तास, आता तुम्हीच सांगा. शिट्टीतून जीवनसत्त्वं उडत नाहीत, शिट्टीतून वाफ जाते म्हणजे पाणी जातं. पाण्यात उतरलेलं बरंचसं डाळीच्या पाण्यातच राहतं, ते पाणी फेकलं नाही म्हणजे झालं. रश्शात तर आपण पाणी पितोच, तो फायदा दोन्ही भांड्यांना सारखाच.

फेसाचा मुद्दा पटकन संपवते. तो फेस सॅपोनिन (डाळीतला साबणासारखा फेस करणारा घटक), थोडं प्रोटीन आणि स्टार्च यांचा असतो. युरिक ॲसिड डाळीवर तरंगत नसतं, ते आपल्या शरीरात प्युरिन नावाच्या घटकापासून बनतं. अमेरिकेत ४७ हजारांवर पुरुषांचा १२ वर्षं अभ्यास झाला, २००४ ला छापून आला, त्यात मांस आणि मासे-कोळंबी जास्त खाणाऱ्यांना गाऊटचा, म्हणजे युरिक ॲसिडमुळे सांधे धरण्याच्या आजाराचा, धोका वाढलेला दिसला, डाळी-पालकासारख्या प्युरिनवाल्या भाज्यांनी वाढलेला दिसला नाही. ज्यांना गाऊट आहेच त्यांनी डॉक्टरला विचारावं, पण फेस काढल्यानं गुडघे बरे होत नाहीत. शिट्टीतून बाहेर येऊन शेगडी खराब करतो म्हणून काढायचा असेल तर खुशाल काढा.

आता आज्यांची पद्धत. हे वाचून मला हसू आलं कारण आजीची पद्धत आहे खरी, फक्त आजी लिथुआनियाची. शिकागोच्या अर्व्हिंग नॅक्सन नावाच्या माणसाची आई त्याला सांगायची की तिकडे गावात शनिवारच्या धार्मिक सुट्टीसाठी आदल्या दिवशीच कडधान्याचं कालवण भांड्यात भरून बेकरीच्या भट्टीत रात्रभर ठेवून द्यायचे. त्यावरून त्यानं विजेचं भांडं बनवलं, १९४० मध्ये पेटंट मिळालं, पुढं कंपनी विकली गेली आणि १९७१ ला रायव्हल कंपनीनं तेच क्रॉक-पॉट नावानं बाजारात आणलं.

आपल्याकडं काय व्हायचं? चुलीवर आधी चांगला जाळ करून डाळ खदखदून उकळायची, आणि मग ते भांडं वैलावर, म्हणजे चुलीच्या बाजूच्या मंद आचेच्या तोंडावर, सरकवायचं, तिथं ते निवांत शिजत राहायचं तोवर पुढं भाकऱ्या. आधी उकळी, मग मंद. मेसेजवाल्यानं उकळीच गाळली आणि नुसतं मंद घेतलं. आमच्या अमळनेरच्या मावशीला मी हा मेसेज वाचून दाखवला, ती म्हणे, "इतलं सोपं ऱ्हातं ते आम्ही चुल्हापुढे कशाले बसतूत?"

ही उकळी का महत्त्वाची ते राजम्यात कळतं. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं लेक्टिन, म्हणजे एक विषारी प्रोटीन, असतं, नाव लक्षात नाही राहिलं तरी चालेल, पण चार-पाच कच्चे दाणेसुद्धा माणसाला आडवं करू शकतात, एक ते तीन तासांत उलट्या सुरू, मग जुलाब. उकळत्या पाण्यात ते नष्ट होतं. पण भांडं ८० डिग्रीच्या आसपासच घुटमळत राहिलं तर नष्ट तर होत नाहीच, विषारीपणा कच्च्यापेक्षाही कितीतरी वाढू शकतो, पाचपटीपर्यंत. आणि लो वर लावलेला स्लो कुकर कित्येक तास नेमका त्याच भागात असतो! दाणा मऊ पडतो, दिसायला शिजलेला दिसतो, चवीलाही काही कळत नाही. म्हणून राजमा घालायचाच असेल तर किमान पाच तास भिजवा, ते पाणी फेका, नव्या पाण्यात अर्धा तास खळखळ उकळा, किंवा सरळ प्रेशर कुकरात शिजवून घ्या आणि मगच रश्शात टाका. वाघ्या घेवडा हा राजम्याचाच भाऊ, त्यालाही हाच नियम. मसूर, मूग, तूर यांच्यात हा त्रास नाही, म्हणून स्लो कुकरसाठी मी मसूरच घेते, आणि तोही अख्खा, कारण लाल मसूर डाळ आठ तासांत पार विरघळून खळ होते.

"रात्री लावा, सकाळी खा" हे ज्यानं लिहिलं तो खान्देशात राहत नसावा. आपल्याकडं रात्री दोनला लाइट जाते आणि कधी आली ते झोपलेल्या माणसाला कळत नाही. साधा बटण फिरवायचा स्लो कुकर असेल तर लाइट आल्यावर तो गुपचूप परत सुरू होतो, सकाळी तुम्ही उठता तेव्हा भांडं गरम, वास मस्त, सगळं ठीकच वाटतं. मधे तीन तास ते कोमट पडून होतं याचा काही पुरावा नाही. ५ ते ६० डिग्रीच्या मधे अन्न तासन् तास राहिलं की जंतू वाढतात, आणि त्यातल्या बॅसिलस सिरियससारख्या काहींचं विष परत उकळूनही जात नाही, त्यामुळं "एक उकळी देऊन घेऊ" हा आपला हुकमी तोडगा इथं लागू नाही. डिजिटलवाला असेल तर लाइट गेल्यावर बऱ्याचदा बंदच राहतो, ते एका अर्थी बरं, निदान कळतं तरी. साधा नियम असा की अन्न पूर्ण शिजल्यावर लाइट गेली आणि दोन तासांच्या आत खाल्लं तर चालतं, पण अर्धवट शिजलेलं असताना गेली आणि किती वेळ गेली ते माहीत नाही, तर टाकून द्यायचं, जीव तुटला तरी. मी तर दिवसाच लावते, सुट्टीच्या दिवशी, सकाळी अकराला लावलं की रात्रीचं जेवण झालं. इन्व्हर्टर असेल तर त्यावर लावा, दोनशे वॅटचं भांडं तो आरामात ओढतो.

विजेचं बोलायचं तर गणित सोपंय. २०० वॅट गुणिले आठ तास म्हणजे १.६ युनिट. तीच डाळ इंडक्शनवर प्रेशर कुकरात, १८०० वॅट पूर्ण वीस मिनिटं धरले तरी ०.६ युनिट. नावाला वीज कुठली? उघड्या पातेल्यात तीन तास रटरटत ठेवण्यापेक्षा स्लो कुकर परवडतो, प्रेशर कुकरपेक्षा नाही. आणि ती सगळी उष्णता शेवटी स्वयंपाकघरातच राहते, भुसावळात एप्रिल-मेमध्ये ज्याला ४५ डिग्रीत अजून गरमी पाहिजे त्यानं जरूर लावावा, बाकीच्यांनी गॅलरीत ठेवा.

राहिला प्रश्न सगळं एकदम टाकण्याचा. टोमॅटो, चिंच, आमसूल, काहीही आंबट आधी पडलं की डाळीचं साल मऊच होत नाही, आणि आपलं बोरचं पाणी जड, त्यातलं कॅल्शियम पण तेच काम करतं. दोन्ही एकत्र झालं की आठ तासांनीही मसूर दाताखाली टकटक करतो आणि लोक म्हणतात भांडंच खराब. पिण्याचं गोडं पाणी वापरा, आंबट शेवटच्या तासात घाला. मिठानं डाळ कडक होते असं मात्र काही नाही, उलट भिजवताना मीठ घातलं तर साल लवकर मऊ पडतं. सोडा घालू नका, मऊ होतं पण ब१ जीवनसत्त्व जातं.

मी करते ते असं. दीड वाटी अख्खा मसूर रात्री भिजवायचा, अर्धी वाटी हरभरा डाळ सोबत, ती फुटत नाही म्हणून खाताना छान लागते. कढईत तेल, मोहरी, जिरं, भरपूर लसूण, कांदा लाल होईपर्यंत, मग भाजलेल्या खोबऱ्याचं वाटण आणि काळा मसाला, तेल सुटलं पाहिजे. हे स्लो कुकरात होत नाही, त्यात काही लाल होतच नाही, म्हणून कढई टाळणाऱ्याचा रस्सा पांचट लागतो आणि मग तो म्हणतो स्लो कुकरची चवच नाही. त्याच कढईत डाळी आणि साडेचार-पाच वाट्या पाणी घालून दहा मिनिटं खळखळ उकळू द्यायचं, आणि हे उकळतं तसंच भांड्यात ओतायचं, थंड भांडं तापायचे दोन तास वाचतात आणि कोमट राहायची भीती पण जाते. पाणी नेहमीपेक्षा कमीच, कारण झाकणातून काही उडत नाही. गाजर, बटाटा आधी तळाला, हे मंद आचेवर डाळीपेक्षा उशिरा शिजतात, वर डाळ. डांगर (लाल भोपळा) आणि वांगं निम्म्या वेळेनंतर, नाहीतर त्यांचा लगदा. शेवगा शेवटच्या दीड तासात, मेथी किंवा पालक शेवटच्या पंधरा मिनिटांत. भांडं अर्ध्याहून जास्त पण गळ्याच्या खालीच भरायचं, हाय वर चार तास किंवा लो वर सात-आठ. सारखं झाकण उघडून बघू नका, एकदा उघडलं की गेलेली वाफ भरून यायला वीस-पंचवीस मिनिटं जातात. उतरवताना वरून लसूण-लाल मिरचीची चरचरीत फोडणी, सोबत कळण्याची भाकरी, ठेचा आणि बुक्कीनं फोडलेला कांदा.

तुमच्या ग्रुपवर तो मेसेज कोणी टाकलाच असेल आणि टाकणारे काका मोठे असतील, वाद घालणं बरं दिसणार नाही, तर एवढंच विचारा: काका, राजमा आधी उकळायचा ना?